अंगठ्याआधीचं वाचन

आमच्या गावात उर्दू वाचता येणारा मी एकटाच होतो. केदारखेड्याहून अडीच कोसांवरचं, पूर्णेच्या काठाचं गाव. सरकारचा प्रत्येक कागद उर्दूत यायचा आणि गाव बोलायचं मराठी. कागद आणि गाव यांच्या मधे कुणीतरी उभं राहणं भाग होतं, आणि ते काम माझ्याकडे आलं. लहानपणी वडिलांनी मला जालन्याला मामांकडे ठेवलं होतं. मामांचं बिऱ्हाड मस्तगडात. तिथून मी सरकारी मदरशात सात वर्षं गेलो. पुढं अर्जनविसीची सनद मिळाली आणि तालुक्याच्या कचेरीबाहेर चटई टाकून मी लोकांचे अर्ज लिहू लागलो.

जुम्म्याला कचेरी बंद. गुरुवारी संध्याकाळी मी पायी गावी यायचो आणि शुक्रवारी सकाळी लोक चावडीत आपापले कागद घेऊन बसलेले असायचे. समन्स, नोटिसा, पटवाऱ्यानं दिलेला उतारा. मी कागद बघायचो आणि म्हणायचो, ‘कर अंगठा,’ किंवा ‘नको करू.’ एवढ्यावर काम व्हायचं. काय लिहिलंय ते कुणी विचारत नसे आणि मीही सांगत नसे. तेव्हा मला त्याचा अभिमानच होता. माझ्या एका मानेवर गावाचे अंगठे उठत-बसत होते.

एका उन्हाळ्यात पटवाऱ्याच्या वरचे अंमलदार, गिरदावर, एक संमतीपत्र घेऊन आले. नदीकाठच्या गायरानाचा एक तुकडा सरकारी लाकूड रचायला हवा होता. जंगलातून तोडून आणलेलं लाकूड पावसाळ्यापर्यंत तिथं राहील, असं त्यांनी तोंडी सांगितलं. गावाला त्यात काही वावगं वाटलं नाही. मी कागद हातात घेतला. त्या दिवशी मला दुपारच्या आत तालुक्याला परतायचं होतं, गाडी जुंपून तयार होती. वरचा मजकूर मी वाचला, तो गिरदावरांनी सांगितला तसाच होता. खाली चारी बाजूंच्या हद्दी लिहिल्या होत्या. पूर्व, पश्चिम, उत्तर, दक्षिण. हद्दी कुणी वाचत नसतं. मीही वाचल्या नाहीत.

‘बराबर आहे,’ मी म्हणालो. अंगठे झाले.

उत्तरेची हद्द चिंचेपर्यंत असायला हवी होती. कागदात ती ओढ्यापर्यंत होती. चिंच आणि ओढा यांच्या मधून गुरांची पाण्याला जायची वाट होती. दिवाळीनंतर तिथं काट्यांचं कुंपण पडलं आणि एक चौकीदार बसला. लाकूड कधी आलं, कधी गेलं, कुंपण काही हललं नाही. मी तीन अर्ज लिहिले. तिन्हींचं उत्तर एकच आलं, की गावानं राजीखुशीनं संमती दिलेली आहे. त्या उत्तरातलं अक्षर सुरेख होतं.

तेव्हापासून आमची गुरं वळसा घालून पाण्याला जाऊ लागली. जाऊन-येऊन कोसभर. उन्हाळ्यात म्हाताऱ्या गाई वाटेत बसायच्या. मी शुक्रवारी गावात असलो की ती रांग बघायचो. कुणी मला काही बोललं नाही. बोलले असते तर बरं झालं असतं.

गावात एक बाई होत्या, सगळं गाव त्यांना आत्या म्हणायचं. नवरा गेल्यावर माहेरी आल्या होत्या आणि भावानं दिलेलं रान स्वतः कसत होत्या. चाळिशीच्या असतील. कमी बोलायच्या, औत मात्र पुरुषासारखं धरायच्या. त्यांच्या सहा गुरांना त्या वळशाचा फार त्रास झाला. एकदा मी त्यांच्या खळ्यावर गेलो आणि म्हणालो, ‘आत्या, चूक माझी झाली. मी हद्दी वाचल्या नाहीत.’

त्या जोंधळा उपणत होत्या. सूप खाली ठेवलं नाही.

‘तू वाचलं न्हाईस हे खरं,’ त्या म्हणाल्या. ‘पर म्या तरी कुठं इचारलं? अंगठा माझा व्हता. तुझा न्हवता.’

मला वाटलं होतं त्या रागावतील, नाहीतर माफ करतील. त्यांनी दोन्ही केलं नाही. घरी येऊन मी जेवलो नाही एवढं आठवतं.

पुढच्या शुक्रवारपासून मी पद्धत बदलली. कागद कुणाचाही असो, मी सगळा वाचायचो. आधी एक ओळ उर्दूत, मग तीच मराठीत. हद्दी, तारखा, शेवटचं ठरलेलं वाक्य, की पुढं काही तक्रार करणार नाही, तेही. आणि शेवटी ‘कर’ किंवा ‘नको’ म्हणायचं सोडून दिलं. म्हणायचो, ‘कागदात हे आहे. आता तुम्ही ठरवा.’

गावाला हे मुळीच आवडलं नाही. पूर्वी घटकाभरात मोकळे होणारे लोक आता दुपारपर्यंत अडकायचे. जांभया द्यायचे, तंबाखू मळायचे, उठून बैल बघून यायचे. पाटील एकदा सगळ्यांसमोर म्हणाले, ‘अरे, आम्हाला मदरशात बसवून राह्यला का तू? हो का न्हाई, एवढं सांग आन् जल्दी मोकळं कर.’ एक म्हातारे शेतकरी तर हात जोडून म्हणाले, की बाबा, ठरवायचं ओझं आमच्या डोक्यावर देऊ नको, आम्हाला वावरातलीच ओझी लई आहेत. मला त्यांचं खोटं वाटलं नाही. खोटं वाटलं असतं तर सोपं होतं.

घरीही कुरबुर होती. बायको म्हणायची की हप्त्यातून एक दिवस घरी येता आणि तोही चावडीला देता. तिचंही बरोबर होतं. मी थकत होतो. आठवडाभर दुसऱ्यांची दुखणी कोर्टाच्या भाषेत लिहायची आणि सुटीच्या दिवशी तीच भाषा उलटी सोडवत बसायची. कित्येकदा समोरचा माणूस ऐकतच नसे आणि मी वाचत असे. वाचून झाल्यावर तो विचारायचा, ‘मंग करू ना अंगठा?’

आत्या मात्र येऊन बसायच्या. त्यांचा कागद नसला तरी. भिंतीला टेकून ऐकायच्या आणि अधूनमधून विचारायच्या, ‘ह्या शब्दाचा अर्थ काय म्हणालास?’ त्यांच्यामुळं आणखी तीन-चार बायका येऊ लागल्या. मग एक पिंजारी येऊ लागला. त्याचं घर गावाच्या टोकाला, कापूस पिंजायचा, गाद्या-वाकळी भरून द्यायचा. घरात बोली दखनी, पण वाचायला त्यालाही येत नव्हतं. लोकांना वाटायचं, सरकारची भाषा म्हणजे ह्याची भाषा. तो हसायचा आणि म्हणायचा, ‘ये कागद की बोली मेरे बाप के बाप कू बी नई आती थी.’

अशी बरीच वर्षं गेली. काही फार मोठं घडलं असं नाही. एका घरच्या वाटणीत धाकट्या भावाचं नावच नव्हतं, ते वाचताना कळलं आणि कागद परत गेला. एकदा वेठीच्या गाड्यांच्या हुकुमात दोन गाड्या लिहिल्या होत्या आणि शिपाई चार मागत होता, ते गावानं त्याला ऐकवलं. बाकी बहुतेक वेळा कागद ठीकच असायचा, आणि लोक माझ्याकडे असं बघायचे, की ह्यासाठी सकाळ घालवली.

मग ते शेवटचं वाईट वर्ष आलं. इंग्रज गेले होते, आमच्याकडे मात्र राज्य तेच होतं. सरहद्दीकडच्या गावांतून माणसं रातोरात उठून पलीकडे इंग्रजी मुलखात, म्हणजे जो आता इंग्रजांचा नव्हता त्या मुलखात, चालली होती. रस्त्यावर हत्यारबंद लोक फिरायचे. जालन्याला जाणारा माणूस घरी परतला की शेजारी बघायला यायचे. कचेरीबाहेर माझ्या चटईवर कुणी येईना. अर्ज करावा कुणाकडे, हेच लोकांना कळेनासं झालं होतं.

उन्हाळा सरता सरता एका शुक्रवारी तेच गिरदावर आमच्या गावात आले. आता त्यांचे केस पिकले होते. त्यांच्याबरोबर दोन बंदूकवाले होते, ते चावडीच्या पायरीवर बसले. गिरदावरांनी एक महजर काढला. गावाच्या नावानं लिहिलेलं निवेदन. ते पाटलांनी माझ्या हातात दिलं आणि हळूच म्हणाले, ‘आज सारं वाचत बसू नको. थोडक्यात सांग.’

मी कागदावरून नजर फिरवली. माझी सनद सरकारनं दिलेली, घरी बायको आणि तीन मुलं. दोन ओळींत सांगून मोकळं होणं सहज जमलं असतं. पण चावडी भरलेली होती आणि लोक माझ्या तोंडाकडे बघत होते, दर शुक्रवारी बघायचे तसे. मी गिरदावरांना उर्दूत म्हणालो, की साहेब, ह्या गावाला पूर्ण ऐकायची सवय आहे.

ते म्हणाले, ‘पढिये.’

मी वाचलं. कागदात म्हटलं होतं, की आम्ही ह्या गावची रयत, आमची इच्छा अशी की हे राज्य आहे तसंच वेगळं राहावं, दुसऱ्या कुणात मिसळू नये. आणि हे आम्ही कुणाच्या धाकानं किंवा जबरदस्तीनं नाही, तर समजून-उमजून, राजीखुशीनं लिहून देतो. शेवटचं वाक्य मी मराठीत सांगितलं तेव्हा पायरीवरच्या एका बंदूकवाल्यानं मागं वळून पाहिलं. त्यालाही मराठी कळत होतं.

मग आत्यांचा आवाज आला.

‘साहेब, कागदात लिहिलंय, आम्ही समजून-उमजून सांगून राह्यलो. मंग समजायला येळ द्या.’

मी ते उर्दूत सांगितलं. गिरदावरांनी आत्यांकडे पाहिलं, मग बंदूकवाल्यांकडे. मला वाटतं, तेही ह्या कामाला विटले होते. असे किती गावांचे कागद त्यांच्या पिशवीत होते कोण जाणे. दुपारच्या नमाजानंतर येतो म्हणाले आणि पाटलांच्या घरी जेवायला गेले. बंदूकवाले त्यांच्या मागं गेले.

आमच्या हातात दोन-अडीच तास होते. त्या दोन-अडीच तासांत चावडीत जे बोलणं झालं, तसं मी त्याआधी कधी ऐकलं नव्हतं. भीती होती तरी प्रत्येक जण आपलं बोलला. कुणी म्हणालं, कागद म्हणजे काय, वाऱ्यावर उडतो, अंगठा द्या आणि घरं वाचवा. कुणी म्हणालं, आज हा दिला तर उद्या दुसरा आणतील. एकाचे साडू पलीकडे बुलढाण्याकडे होते, तो म्हणाला की आपला अंगठा त्यांनी पाहिला तर ते आपल्याला दारात उभं करतील का? त्या म्हाताऱ्या शेतकऱ्यांनी विचारलं, न दिला तर नेमकं काय होईल? ह्याचं उत्तर कुणाजवळच नव्हतं, आणि ते ठाऊक नाही हे सगळ्यांनी मोठ्यानं कबूल केलं.

पिंजारी कोपऱ्यात बसला होता. त्याला कुणी विचारत नव्हतं. त्याचं काय ते ठरलेलंच असणार असं बहुतेकांनी धरलं होतं. आत्यांनी विचारलं, ‘तुमचं काय म्हणणं हाय, भाऊ?’

तो म्हणाला, ‘तुम नको बोले तो तुमकू मारते. मैं नको बोला तो मेरेकू पहले मारते, घर का भेदी बोल के. मेरेकू राज से क्या करना है, आत्या? मेरेकू कापूस होना.’ मग म्हणाला, की मी अंगठा देणार, पण मनानं दिला असं कुणी समजू नये, आत्ताच सगळ्यांसमोर सांगून ठेवतो.

शेवटी सगळे माझ्याकडे वळले. नेहमीप्रमाणे. ‘तू सांग,’ पाटलांच्या भावानं म्हटलं. मीही नेहमीचं उत्तर दिलं, की मी वाचणारा, ठरवायचं तुम्ही.

आत्या म्हणाल्या, ‘ह्या कागदावर तुझी बी सही पाह्यजे न्हवं? मंग वाचणारा म्हणून ऱ्हाऊ दे. गावातला एक माणूस म्हणून तुझं काय, ते सांग.’

इतकी वर्षं मी समजत होतो की निर्णय त्यांच्या हाती देऊन मी माझी चूक भरून काढली. त्या घटकेला कळलं की त्यातच मला लपायला जागाही सापडली होती. दुसऱ्यांना विचार करायला लावणारा माणूस स्वतः कधी काही ठरवत नव्हता.

मी खरं ते सांगितलं. म्हणालो, की हा कागद खोटा आहे असं मला वाटतं, आणि तरी मी सही करणार आहे, कारण मला भीती वाटते. एवढं बोलून मी खाली बघत बसलो. कुणी हसलं नाही. एक जण म्हणाला, ‘माझं बी तसंच हाय.’

गिरदावर आले. पहिली सही माझी झाली. मग अंगठे. पिंजाऱ्यानं अंगठा दिला आणि धोतराच्या सोग्याला बराच वेळ पुसत राहिला. आत्या आणि आणखी चौघांनी दिला नाही. आत्या एवढंच म्हणाल्या, की मला हे पटलं न्हाई, आन् पटलं म्हणून लिहून देता येत न्हाई. गिरदावरांनी त्यांची नावं वेगळी लिहून घेतली. आठ दिवसांनी त्या पाचांना तालुक्याला बोलावणं आलं. दोन दिवस त्यांना कचेरीच्या आवारात उन्हात बसवून ठेवलं, आत कुणी घेतलं नाही, बाहेर कुणी सोडलं नाही. मी समोरच माझ्या चटईवर होतो. पाणी घेऊन गेलो तर शिपायानं परत पाठवलं. दुसऱ्या दिवशी गेलो तेव्हा त्यानं मान वळवली आणि मी पाणी देऊ शकलो. आत्या पाणी प्याल्या. माझ्याशी त्यांचं वागणं पूर्वीसारखंच होतं. ते मला जास्त लागलं.

भादव्यात पलीकडच्या फौजा आल्या आणि चार-पाच दिवसांत राज्य गेलं. लोकांनी गूळ वाटला. पण त्यापाठोपाठ दुसरीच धावपळ सुरू झाली. कालपर्यंत भ्यालेली माणसं आता भीती दाखवत फिरू लागली. एका सकाळी बाहेरगावची दहा-बारा माणसं काठ्या-कुऱ्हाडी घेऊन चावडीशी आली. त्यांना कुठून तरी कळलं होतं की आमच्या गावानं तो महजर दिला होता. ती माणसं म्हणाली, त्यावर अंगठा देणारा पिंजारी कुठं राहतो ते दाखवा.

त्या वेळी मला विचार करावा लागला नाही. मी म्हणालो, ‘पहिली सही माझी आहे. माझ्यापासून सुरू करा.’

पाटलांचा भाऊ म्हणाला, त्याच्या खाली माझा अंगठा आहे. मग म्हातारे शेतकरी. मग एकेक करत अंगठा दिलेले सगळे. त्या सगळ्यांनी त्या दुपारी पिंजाऱ्याचं बोलणं कानांनी ऐकलं होतं, आणि त्यानं त्यांचं. पुढारी दिसणारा एक जण आत्यांना म्हणाला, ‘बाई, तुम्ही तर न्हवता दिला. तुम्ही सांगा.’

आत्या म्हणाल्या, ‘त्यानं काहून दिला ते आम्हाला सांगून दिला. तुम्ही घरला जा.’

ती माणसं गेली. लगेच नाही, बरीच तणतण करून, पण गेली. दुसऱ्या गावांत काय काय झालं ते पुढं कानावर आलं, तेव्हा समजलं की आमच्याकडे किती थोडक्यात भागलं होतं. तरी पिंजारी राहिला नाही. त्याची बायको घाबरली होती, रोज दार लावून बसायची. महिन्याभरात त्यानं घर उचललं आणि जालन्याला जावयाकडे गेला. आत्यांनी गाडी दिली, मी बरोबर गेलो. वाटेत त्यानं आपली कापूस पिंजायची धुनकी मांडीवर धरली होती, गाडीच्या हिसक्यानं तिची तात मधूनच वाजायची. उतरताना तो म्हणाला, ‘गाँव ने नई निकाला मेरेकू, ये याद रखो.’ मी मान हलवली. पण गेला तर होताच.

त्या साली हिवाळ्यात धान्यवाटपासाठी गावानं पाच जणांची कमिटी नेमावी असा हुकूम आला. मराठीत. मी तेव्हा तापानं पडलो होतो, तालुक्यालाच. दोन जुम्मे गावी गेलो नाही. गेलो तेव्हा कमिटी नेमून झाली होती. चावडीत सकाळपासून भांडणं झाली, दोघं रुसून निघून गेले, त्यांना परत आणलं, हात वर करून मोजणी झाली, ती चुकली म्हणून पुन्हा केली. आणि एवढं करून त्यांनी पुन्हा पाटलांनाच मुख्य नेमलं होतं.

मला ते आवडलं नाही. आत्यांना मी तसं बोललोही. म्हणालो, की मी असतो तर असं होऊ दिलं नसतं.

‘कागद दोनदा वाचला,’ त्या म्हणाल्या. ‘पाटलाच्या पोरीला मराठी वाचता येतं, तिनं वाचला. साऱ्याईनं आपलं आपलं सांगितलं. चुकलं असल तर आमचं चुकल. तुला पटत न्हाई, तर पुढल्या बारीला तू बी उभा ऱ्हाय.’

मी उभा राहणार नव्हतो, आणि हे त्यांना ठाऊक असावं. अंगात अजून कणकण होती. कुणी कागद घेऊन येतंय का म्हणून मी थोडा वेळ चावडीत बसलो. कुणी आलं नाही. थोडं वाईट वाटलं, हे लपवत नाही. मग घरी गेलो आणि दिवस मावळेपर्यंत झोपलो. बायकोनं उठवलं नाही.